पाहिलेल्या चित्रपटांची किर्द

रविवार, रात्री

दुपारी पाहिलेल्या चित्रपटाची नोंद जेवणानंतर केली. या कामाला फारसा वेळ लागत नाही. चित्रपट शोधायचा, तारीख बरोबर आहे ना ते पाहायचे, पूर्वी पाहिलेला असेल तर तशी खूण करायची आणि सुचल्या तर दोन ओळी लिहायच्या. गेली काही वर्षे हे सारे मी लेटरबॉक्स्ड या संकेतस्थळावर करतो. न्यूझीलंडमधील ऑकलंड येथून 2011 मध्ये सुरू झालेली ही सेवा प्रामुख्याने तरुण मंडळी वापरतात, आणि मीही तिच्याकडे वळलो तो पुण्यात शिकणाऱ्या भाचीच्या आग्रहामुळे. परंतु बेळगावातल्या शहापूरच्या एका पतसंस्थेत आयुष्यभर हिशेब लिहीत आलेल्या माणसाला तिथली मांडणी पाहताक्षणी ओळखीची वाटली. एखादा चित्रपट केवळ 'पाहिला' अशी खूण तिथे करता येते, आणि तोच चित्रपट तारीख घालून रोजनिशीत स्वतंत्रपणेही नोंदवता येतो. रोजनिशी ही किर्द झाली: व्यवहार ज्या दिवशी झाला त्या दिवसाखाली तो लिहायचा, आणि एकच चित्रपट पुन्हा पाहिला तर पुन्हा नवी ओळ घालायची. पाहिलेल्या चित्रपटांची यादी ही खतावणी. तिथे प्रत्येक चित्रपटाचे एकच खाते असते, मग तो कितीही वेळा पाहिलेला असो.

बहुतेक लोक खतावणीपासून सुरुवात करतात आणि तिथेच थांबतात. भाचीने खाते उघडले तेव्हा पहिल्या दोन रात्री जागून लहानपणापासून पाहिलेल्या शेकडो चित्रपटांवर खुणा केल्या, एकूण आकडा पाहून ती खूश झाली आणि नंतर कित्येक आठवडे तिने एकही तारीख लिहिली नाही. तिला मी तेव्हा काही बोललो नाही. माझे मत मात्र ठाम आहे की किर्दीवाचून खतावणीला अर्थ नाही. मी अमुक चित्रपट पाहिलेला आहे, एवढ्या माहितीचा मला स्वतःला काय उपयोग? तोच चित्रपट मी 2019 च्या ऑगस्टमध्ये, शहराच्या सखल भागात पाणी भरून सगळे घरी बसले होते त्या आठवड्यात पाहिला, हे तारखेमुळे समजते. आणि मग त्या आठवड्यात घरी कोण मुक्कामाला होते, वीज कधी गेली आणि उरलेला भाग दुसऱ्या दिवशी कसा पाहिला, हेही आठवू लागते.

या कामासाठी साधने पुष्कळ आहेत. आयएमडीबी हे चित्रपटांच्या माहितीचे संकेतस्थळ तर 1990 पासूनचे. कोल नीडम यांनी युजनेट या इंटरनेटवरच्या जुन्या चर्चागटांतल्या याद्यांमधून ते उभे केले आणि 1998 मध्ये ते ॲमेझॉनकडे गेले. तिथे एक ते दहा गुण देता येतात, पण तो मूळचा संदर्भकोश आहे, आणि वापरताना ते जाणवते. ट्रॅक्ट नावाची सेवा प्लेक्स किंवा कोडीसारख्या चित्रपट चालवणाऱ्या प्रणालींशी जोडली की आपण काय पाहिले ते आपोआप टिपून घेते. ही सोय अनेकांना आवडते, मला आवडत नाही. व्हाउचर स्वतःच्या हाताने लिहिण्याची सवय हे त्याचे एक कारण असेल. दुसरे कारण असे की पडद्यावर चित्रपट चालू होता एवढेच यंत्राला कळते; समोरचा माणूस जागा होता की नाही, हे त्याला कळत नाही.

मंगळवार

आईचे खाते उघडण्याचा विचार गेल्या दिवाळीपासून मनात होता, तो आज प्रत्यक्षात आला. तिचे बालपण संकेश्वरला गेले. जत्रेच्या दिवसांत तंबूतला सिनेमा यायचा, आणि पुढे लग्न होऊन बेळगावात आल्यावर तिने वडिलांबरोबर चित्रपटगृहांत मराठी, हिंदी आणि कन्नड असे तिन्ही भाषांतले चित्रपट पाहिले. तिला नावे आठवतात, गाणी आठवतात, बरोबर कोण होते तेही आठवते. तारखा मात्र एकही आठवत नाही. रोजनिशीच्या नोंदीला तारीख लागतेच, 'पाहिला' या खुणेला ती लागत नाही. म्हणजे आईच्या वाट्याला नुसती खतावणी येणार आणि किर्द कोरी राहणार. रविवारी मी जे ठाम मत लिहिले, ते आईच्या बाबतीत लागू करता येत नाही. तिच्यापाशी तारखा सोडून बाकी सगळे आहे.

सुरुवात तुकारामांपासून झाली. लहानपणी तंबूत पाहिलेला पहिला चित्रपट कोणता, असे विचारताच ती म्हणाली, "तुकाराम." मी प्रभातचा 1936 चा 'संत तुकाराम' शोधला आणि विष्णुपंत पागनिसांचे छायाचित्र फोनवर तिच्यापुढे धरले. तिने चष्मा लावून ते बराच वेळ पाहिले.

"हा नव्हे रे. हा मी नंतर टीव्हीवर बघितला."

"मग कुठला, आई?"

"तो तुकाराम कानडी बोलत होता की."

क्षणभर मला ते खरे वाटेना. तुकोबा आमच्या घरात आषाढी-कार्तिकीचे, गाथेतले, देहूचे. ते कन्नड बोलतील ही कल्पना मी कधी केली नव्हती. पण 1963 मध्ये कन्नड अभिनेते राजकुमार यांनी 'संत तुकाराम' या कन्नड चित्रपटात ती भूमिका केलेली आहे, आणि त्या वर्षीच्या कन्नड चित्रपटांत त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला होता. राजकुमार यांचे तरुणपणीचे छायाचित्र दाखवताच आईने मान हलवली. त्या वयात तिला कन्नड फारसे येत नव्हते, पण गोष्ट माहीत होती, आणि शेजारी बसलेल्या मोठ्या आक्का मध्येमध्ये सांगत होत्या, असे ती म्हणाली. तंबूत तिकीट किती होते, यावर आई आणि तिची धाकटी बहीण यांच्यात फोनवर जो वाद झाला तो अद्याप मिटलेला नाही.

आईच्या खात्यावर पहिली खूण 1963 च्या 'संत तुकाराम'वर झाली, दुसरी 1936 च्या. केवळ नाव टाकून शोधले असते आणि समोर आलेल्या पहिल्या नोंदीवर खूण केली असती, तर तिच्या बालपणातला चित्रपट भलत्याच वर्षात जाऊन पडला असता. नाव, वर्ष आणि भाषा या तिन्ही गोष्टी जुळल्याशिवाय खूण करायची नाही, हा नियम या भागातल्या माणसाने तरी कटाक्षाने पाळावा. 'श्यामची आई'चेही तसेच आहे: एक 1953 चा, एक 2023 चा.

गुरुवार

वर्षाचा प्रश्न वरवर दिसतो त्याहून अवघड आहे. लेटरबॉक्स्डवर आल्यावर माझ्या जुन्या गूगल शीटमधली यादी मी सीएसव्ही (साध्या मजकुरातला तक्ता) फाइल करून तिथे चढवली होती. चित्रपट जुळवताना नावाबरोबर वर्षही पाहिले जाते, आणि शीटमध्ये मी प्रत्येक चित्रपट जेव्हा थिएटरात लागला ते वर्ष लिहीत आलो होतो. आमच्यासाठी 'कोर्ट' 2015 चा चित्रपट आहे, कारण तो भारतात त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये लागला. पण व्हेनिसच्या महोत्सवात तो 2014 मध्येच दाखवला गेला होता, म्हणून नोंद 2014 ची. 'फँड्री' आम्ही 2014 च्या फेब्रुवारीत पाहिला, नोंद 2013 ची. कन्नड 'तिथी' 2016 मध्ये लागला, लोकार्नोच्या महोत्सवात तो 2015 मध्येच पोहोचला होता. नियम म्हणून हे योग्यच आहे, पहिल्या जाहीर प्रदर्शनाचे वर्ष धरायला हरकत नाही. पण महोत्सवात दाखवलेला चित्रपट प्रेक्षकापर्यंत पोहोचायला जो काळ जातो, तो त्या वर्षात दिसत नाही. आमच्याकडे तर त्यात आणखी भर पडते. कोल्हापुरात शुक्रवारी लागलेला मराठी चित्रपट बेळगावात त्याच शुक्रवारी लागेलच, अशी खात्री नसते; लागला तरी एखाद्याच खेळापुरता असतो. निपाणीच्या लोकांना कोल्हापूर जवळ आहे, ते सरळ तिकडे जातात. आम्ही थांबतो, किंवा तेवढ्यासाठी शंभराहून अधिक किलोमीटर जातो. म्हणून मी प्रत्येक नोंदीला गावाच्या नावाचा टॅग लावतो: बेळगाव, कोल्हापूर, पणजी, घर. पणजीचा टॅग नोव्हेंबरमध्ये पडतो, कारण 2004 पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव तिथेच भरतो आणि चोर्ला घाटातून गेले की सकाळचा खेळ गाठता येतो.

गावापेक्षाही महत्त्वाचा टॅग भाषेचा. लेटरबॉक्स्डच्या वर्गणीदारांना वर्षाअखेरीस आकडेवारीचे पान मिळते, त्यात पाहिलेले चित्रपट देशवार आणि भाषावार विभागून दाखवलेले असतात. देशाच्या रकान्यात माझा बहुतेक हिशेब भारत या एका शब्दात संपतो. भाषेच्या रकान्यात मराठी, हिंदी, कन्नड, मल्याळम असे काहीतरी दिसते खरे, पण ती चित्रपटाची मूळ भाषा असते. मी तो कोणत्या भाषेत ऐकला, हे तिथे कुणी विचारत नाही. आणि आमचा सगळा गोंधळ नेमका तिथेच आहे. 2022 चा 'कांतारा' मी प्रथम इथल्या थिएटरात कन्नडमध्ये पाहिला आणि नंतर घरी हिंदीत पाहिला. दोन्ही नोंदी एकाच चित्रपटाच्या, पण मला ते दोन वेगळे अनुभव वाटले. थिएटरात शेजारी बसलेले कार्यालयातले सहकारी घरी कन्नडच बोलतात. किनारपट्टीची ती बोली त्यांनाही जागोजागी नवी होती, त्यामुळे त्या दिवशी आम्ही दोघे बऱ्यापैकी एका पातळीवर होतो. घरी हिंदीत शब्द सगळे समजले, आणि बोलण्याचा तो ठसका गेला.

उलट दिशेची गोष्टही लिहून ठेवतो. दुसऱ्या भाषांतले चित्रपट कन्नडमध्ये डब करण्यास तिथल्या चित्रपटसृष्टीचा कित्येक दशके विरोध होता, आणि 2015 मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाने त्या अडवणुकीविरुद्ध निर्णय दिल्यावर ती कोंडी फुटू लागली. त्यामुळे आमच्या पिढीने कर्नाटकात राहून हिंदी चित्रपट हिंदीतच पाहिले आणि तेलुगू तेलुगूतच. शेजारचे कन्नड कुटुंब आणि आम्ही एकाच रांगेत बसून एकच हिंदी चित्रपट पाहत असू, आणि दोघांनाही ती भाषा थोडीफार परकीच असे. या सगळ्यासाठी तयार रकाना कोणत्याही सेवेत नाही. म्हणून मी 'ऐकली कन्नड', 'ऐकली हिंदी', 'उपशीर्षके नव्हती' असे टॅग स्वतः बनवले. वर्षाअखेरीस त्या आकडेवारीच्या पानापेक्षा हेच टॅग मी अधिक वेळा उघडतो.

शनिवार

भाचीचा फोन आला. तिने माझे पान पाहिले होते.

"मामा, तुम्ही तारे का देत नाही? कुठल्याच चित्रपटाला एकही तारा नाही."

अर्ध्यापासून पाच ताऱ्यांपर्यंत दहा पायऱ्या आहेत, हे मला ठाऊक आहे. सुरुवातीला मी त्या वापरल्याही. पण साडेतीन आणि चार यांतला फरक दुसऱ्या दिवशी सकाळी मलाच सांगता येईना, आणि थिएटरातून बाहेर पडताना दिलेले साडेचार तारे महिन्याभराने वाचताना जरा जास्तच वाटत. किर्दीत रक्कम एकदा लिहिली की ती बदलत नाही, मत बदलते. मी तिला म्हटले की मला काय आवडले हे पाहायचे असेल तर एकाच चित्रपटाखाली किती तारखा पडल्या आहेत ते पाहा. तिला हे पटले नाही. तिच्या मते एकदाच पाहून जन्मभर पुरणारे चित्रपटही असतात, ते पुन्हा पाहण्याचे धैर्य होत नाही, आणि माझ्या पद्धतीत ते सगळे मागे पडतात. या मुद्द्याला माझ्याकडे उत्तर नव्हते. अशा चित्रपटांना हृदयाची खूण करावी, एवढी तडजोड मान्य केली.

आकड्यांचा मोह हा खरा धोका आहे आणि तो तिलाही ठाऊक आहे. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात तिचे मित्रमैत्रिणी ठरवलेली संख्या गाठण्यासाठी दीड तासाच्या आतले चित्रपट शोधत बसतात. चित्रपट मोजण्यासाठी पाहायचे हे मला पाहावत नाही, पण मार्चअखेरीस ठेवींचे लक्ष्य गाठायला धावणाऱ्या माणसाने त्यांना फार बोलू नये.

ओटीटीवरच्या पाहण्याचा इतिहास काही सेवांमधून उतरवून घेता येतो, तोही मी एकदा तपासला. त्यात घरातल्या सगळ्यांचे पाहणे एकत्र झालेले होते, पाच मिनिटांत बंद केलेल्या गोष्टीही ओळीने होत्या, आणि पाहुणे आले की मुलांसाठी लावून दिलेली कार्टूने तर विचारूच नका. माझ्या किर्दीत त्यातले काहीच घेतले नाही.

मात्र माझी किर्द मी उतरवून ठेवतो. लेटरबॉक्स्डच्या सेटिंगमधून सगळ्या नोंदी सीएसव्ही फायलींत मिळतात, आणि दर 31 मार्चला कार्यालयाच्या कामाबरोबर हेही उरकतो. कुठलीही सेवा उद्या बंद पडू शकते किंवा तिचे धोरण बदलू शकते. वही आपल्या कपाटात असावी.

एक काम राहिले आहे. लेटरबॉक्स्ड चित्रपटांची माहिती टीएमडीबी या खुल्या संचातून घेते. 2008 मध्ये सुरू झालेल्या त्या संचात कुणालाही खाते उघडून भर घालता येते, प्रत्येक भाषेत नाव आणि कथासार वेगळे लिहिता येते. इंग्रजीत चार ओळी असतात आणि मराठीचा रकाना रिकामा असतो, असे आपल्या चित्रपटांच्या बाबतीत मी अनेकदा पाहिले आहे. मजकूर दुसरीकडून उचलायचा नाही, स्वतः लिहायचा. आईच्या यादीतल्या जुन्या चित्रपटांपासून सुरुवात करायचे ठरले आहे. गोष्ट ती सांगणार, मी लिहिणार, आणि शेवट कुठे झाकून ठेवायचा ते भाची ठरवणार, कारण आई प्रत्येक गोष्ट शेवटापासून सांगते.