सेबुआनो शिकायची तर मराठीतून शिका

सेबुआनो ही फिलिपीन्समधली एक भाषा. ती शिकवणारी बहुतेक पुस्तकं इंग्रजीत आहेत आणि त्यांत ‘किता’ आणि ‘कामी’ या दोन सर्वनामांवर बरीच पानं खर्ची पडतात. मराठी माणसाला एक ओळ पुरते: किता म्हणजे आपण, कामी म्हणजे आम्ही.

फिलिपीन्सच्या मधल्या बेटांवरच्या भाषांना मिळून बिसाया म्हणतात. सेबू, बोहोल आणि मिंदानावच्या मोठ्या भागात सेबुआनो, इलोइलोकडे हिलिगायनोन, सामार आणि पूर्व लेयतेत वाराय. या तागालोगच्या, म्हणजे मनिलाकडच्या भाषेच्या, बोली नव्हेत, स्वतंत्र भाषा आहेत. किता-कामी हा भेद तिन्हींत आहे, आणि मलाय भाषेतही हेच दोन शब्द आहेत.

बोलताना किताचं ‘ता’ होतं आणि कामीचं ‘मी’. मराठी कान इथेच फसतो. सेबुआनोतला ‘मी’ म्हणजे आम्ही. एकट्या मीसाठी ‘को’ आहे. जेवायच्या वेळी कुणी दारात आलं की “माङाओन ता!” म्हणतात, चला, जेवूया. तिथे चुकून “माङाओन मी” म्हटलंत तर अर्थ होतो “आम्ही जेवणार”, म्हणजे पाहुण्याचं पान मांडलेलंच नाही.

दुसरी चूक ‘आपला’मुळे होते. “तो आपल्या घरी गेला” हे डोक्यात ठेवून ‘आतोङ बालाय’ म्हटलं, तर ते घर बोलणाऱ्याचं आणि ऐकणाऱ्याचं होतं. त्याच्या स्वतःच्या घराला ‘इयाङ बालाय’च म्हणायचं. आदरार्थी ‘आपण’ही कितानं होत नाही.

भाताच्या बाबतीत मात्र ही भाषा आपल्यापेक्षा काटेकोर आहे. आपण शेतातल्या पिकालाही भात म्हणतो आणि ताटातल्यालाही. तिकडे पीक आणि सालासकटचं धान्य हुमाय, तांदूळ बुगास, शिजवलेला तो कान-ओन. बाजारात बुगास मागायचा, खानावळीत कान-ओन. उरलेला गार भात बाहाव, भांड्याच्या तळाला धरलेली खरवड दुकोत, आंबून वास येऊ लागला की पान-ओस. कान-ओन हा शब्द ‘काओन’ म्हणजे खाणे या धातूला ‘-ओन’ लागून झालाय: खायचं ते. रोजच्या अन्नाला याहून नेमकं नाव मला तरी ठाऊक नाही. त्यातली आडवी रेघ वाचायची असते. तिथे घसा क्षणभर बंद करायचा. ‘कानोन’ म्हटलं की शब्द बिघडला.

क्रियापदांचे प्रत्यय अवघड म्हणून बदनाम आहेत, पण “मी पोळी खाल्ली”मध्ये क्रियापद पोळीप्रमाणे बदलतं हे ज्याला अंगवळणी आहे, त्याला अर्धी वाट मोकळी आहे. “गिकाओन नाको आङ माङ्गा”, मी आंबा खाल्ला. इथे ‘गि-’मुळे आंबा मुख्य होतो, त्याच्या आधी ‘आङ’ येतं आणि खाणारा ‘नाको’ होऊन बाजूला सरकतो. “मोकाओन को ओग माङ्गा”, मी आंबा खाईन, यात खाणारा मुख्य, आंब्याला ‘ओग’.

उच्चारात त आणि द आपलेच, दंत्य. ट-ड करू नका. शब्दाच्या सुरुवातीला येणारा ङ तेवढा घोटावा लागतो. ‘वाङ्मय’ सावकाश म्हणा, ङवर थांबा आणि तिथूनच पुढे ‘आलान’ जोडा: ङालान, म्हणजे नाव. ते जमलं की “उन्साय इमोङ ङालान?” विचारता येतं.