एका सुरात म्हटलेले पाच

बाबक अन्वरी या इराणी-ब्रिटिश दिग्दर्शकाचा २०११ सालचा ‘टू अँड टू’ हा फारसी लघुपट जेमतेम सात-आठ मिनिटांचा आहे. तो पाहून झाल्यावर मी बराच वेळ नुसती बसून राहिले. मुलांच्या एका वर्गात शिक्षक येतात, फळ्यावर ‘२ + २ = ५’ असे लिहितात आणि मुलांकडून ते मोठ्याने म्हणवून घेतात. कारण सांगत नाहीत, पटवून देत नाहीत, फक्त पुन्हा पुन्हा म्हणायला लावतात.

प्राथमिक शाळेत आम्ही रोज एका सुरात पाढे म्हणत असू. त्या गजरात स्वतःचा आवाज स्वतःलाच ऐकू येत नसे, आणि एकोणीसच्या पाढ्यात अडलेली मुलेही नुसते ओठ हलवून वेळ निभावून नेत. सुरात सूर मिसळला की उत्तराची जबाबदारी कुणा एकाची उरत नाही, हे या लघुपटातील शिक्षकाला पुरते ठाऊक आहे.

एक मुलगा उभा राहून चारच म्हणत राहतो. पुढे बंदुकांचे आवाज येतात आणि फळ्यावर रक्त उडते, तरी मला त्याहून भयंकर वाटला तो त्याआधीचा, शिक्षक वर्गाबाहेर गेल्यानंतरचा क्षण. त्या वेळी धाक दाखवायला कुणीही नसते. वर्गातलाच एक मुलगा त्या चार म्हणणाऱ्याला दबक्या आवाजात बजावतो, की तू आम्हा सगळ्यांना गोत्यात आणशील. शिक्षकाचे काम आता मुलेच करू लागलेली असतात.

सॉलोमन अ‍ॅश या मानसशास्त्रज्ञाने १९५०च्या दशकात अमेरिकेत केलेल्या प्रयोगांत तर धाकही नव्हता. रेषांची लांबी ताडून पाहायची होती आणि बाकीचे सगळे ठरवून चुकीचे उत्तर देत होते. तेवढ्यानेच सुमारे तीन-चतुर्थांश लोक निदान एकदा तरी त्यांच्यामागे गेले. खरे बोलणारा एक जरी सोबती मिळाला, किंवा उत्तर मोठ्याने सांगण्याऐवजी कागदावर लिहायचे असले, की हे प्रमाण बरेच खाली येई.

म्हणूनच शेवटचे दृश्य मला विसरता येत नाही. फळा पुसला जातो, मुले खाली मान घालून लिहू लागतात, आणि दुसराच एक मुलगा वहीत लिहिलेला पाच खोडून चार लिहितो. ती वही कुणी पाहत नाही, तरीसुद्धा त्याच्या पेन्सिलीतून आधी पाचच उमटलेला असतो.