चूजीचा हरवलेला भाग

काल दुपारी बाबांना भात भरवत होते, तर छोटीने विचारलं, "आजोबा पहिल्यापासून असेच आहेत ना?" मी "नाही गं" एवढंच म्हणाले. पुढचा घास कालवला. रात्री झोप येईना, म्हणून पुन्हा 'चूजी' हा चित्रपटच लावला. लावायला नको होता.

कुनिसादा चूजी. जपानमधला जुगारी, फरार, पण दुष्काळात गावाच्या पोटाची काळजी वाहिली असं लोक सांगत आले. 1851 मध्ये त्याला वधस्तंभावर चढवलं. त्याच्यावर इतो दाइसुकेने 1927 मध्ये तीन भागांचा मूकपट काढला, त्यात ओकोची देंजिरो चूजी झाला. शेवटी शेवटी त्याला लकवा होतो. साथीदार त्याला उचलून नेतात, लपवतात. शिपाई चाल करून येतात तेव्हा पिस्तूल त्याची प्रेयसी ओशिना चालवते आणि हा अंथरुणात पडलेला. ज्या हाताची दहशत होती तो हात साधा उचलत नाही. तिथे मी दरवेळी मान फिरवते. काल नाही फिरवली.

हा चित्रपट कित्येक वर्षं हरवलेलाच होता. 1991 मध्ये हिरोशिमात रिळं सापडली. दुसऱ्या भागाचे तुकडे आणि तिसरा बराचसा. पहिला भाग गेला तो गेलाच. म्हणजे ताठ उभा, तलवार फिरवणारा चूजी गेला आणि खचत गेलेला तेवढा आपल्या वाट्याला आला. तेव्हाच्या प्रेक्षकांनी आधी तो पाहिला होता, मग हा. त्यांना किती रडू आलं असेल. मला तर पहिला माहीतच नाही.

आणि छोटीलाही नाही. रात्रभर तेच. तिच्यासाठी आजोबा म्हणजे पलंग, चमचा, ओघळलेली लाळ. दादा फोनवर विचारतो, "कसे आहेत?" त्याच्याशी तर... जाऊ दे.

पहाटे बेन्शी आठवले. मूकपट चालू असताना पडद्याशेजारी उभं राहून सगळी गोष्ट बोलून दाखवणारे. पडद्यावर ओठ नुसते हलायचे, आवाज यांचा.

सकाळी छोटीची वेणी घालताना सांगितलं, "तुझे आजोबा पुरात उडी मारून पाटलांची म्हैस काढून आले होते."

"खोटं," ती म्हणाली.

बाबा छताकडे बघत होते. ऐकलं असावं, डावा हात चादरीवर जरा सरकला. की मलाच तसं वाटलं.

म्हशीवर नसेल बसला विश्वास, तर नसेल. उद्या सायकलचं सांगते.