वजन उतरवायचं, पण बिल कोण भरणार? नाशिकच्या सरकारी नोकरदारांसाठी

कलेक्टर कचेरीतला अव्वल कारकून, जिल्हा परिषदेची शिक्षिका, नाशिकरोडच्या नोटांच्या प्रेसमधला कामगार, ओझरच्या एचएएलमधला फिटर, एकलहऱ्याच्या वीज केंद्रातला ऑपरेटर, राष्ट्रीयीकृत बँकेतला क्लार्क. लोकांच्या लेखी हे सगळे ‘सरकारी’. पण वजन कमी करण्याच्या शस्त्रक्रियेचं बिल पुढे आलं की या सहा जणांना एकच नियम लागत नाही. त्यामुळे शेजाऱ्याचा क्लेम पास झाला म्हणून आपलाही होईल, असं धरून अॅडमिट होऊ नका.

आधी राज्य शासनाचे आणि जिल्हा परिषदेचे कर्मचारी. यांना मिळते ती खर्चाची प्रतिपूर्ती. तो विमा नव्हे. तिचा आधार महाराष्ट्र राज्य सेवा (वैद्यकीय देखभाल) नियम, १९६१. खाजगी दवाखान्यातल्या उपचारांसाठी २००५ च्या शासन निर्णयातली यादी बघितली जाते: २७ आकस्मिक आजार आणि ५ गंभीर आजार. हृदयविकाराचा झटका त्यात आहे, बायपास आहे, मूत्रपिंड प्रतिरोपण आहे. लठ्ठपणा नाही. म्हणजे गंगापूर रोडच्या एखाद्या खाजगी हॉस्पिटलात स्लीव्ह (जठर लहान करायची शस्त्रक्रिया) करून घेतली, तर ते बिल या यादीत बसत नाही. कुणीतरी हमखास सुचवतं, ‘उच्च रक्तदाब दाखवू, तो यादीत आहे.’ त्या वाटेला जाऊ नका. जिल्हा शल्यचिकित्सकांच्या कार्यालयात डिस्चार्ज कार्डावरची शस्त्रक्रिया वाचली जाते, आणि खोटं निदान पकडलं गेलं तर प्रकरण विभागीय चौकशीपर्यंत जातं. वजनावर वेळेत उपाय करायला शासन पैसे देत नाही, त्याच वजनापायी पुढे बायपास करावी लागली तर देतं. हा उफराटा हिशेब आहे, पण आज तरी असाच आहे.

केंद्राच्या कर्मचाऱ्यांना सीजीएचएस (केंद्र सरकारची आरोग्य योजना) किंवा १९४४ चे वैद्यकीय देखभाल नियम लागू होतात. तिथे एकच गोष्ट ध्यानात ठेवा: ही ठरवून करायची शस्त्रक्रिया आहे, तेव्हा लेखी पूर्वपरवानगी हातात आल्याशिवाय तारीख घेऊ नका. नंतर मागितलेली परवानगी बहुतेक अडकते.

प्रेस आणि एचएएलवाल्यांनी आपला नियम आस्थापना शाखेत विचारावा. उरले स्वतःची पॉलिसी घेतलेले आणि गटविम्यातले. यांच्यासाठी किल्ली आहे विमा नियामक आयआरडीएआयने २०१९ मध्ये ठरवून दिलेल्या अपवादांच्या यादीतला सहावा कोड, ‘लठ्ठपणा व वजन नियंत्रण’. पॉलिसीच्या पुस्तिकेत ‘एक्सक्लूजन ०६’ शोधा. नावावरून वाटतं की काहीच मिळणार नाही. प्रत्यक्षात त्यात शस्त्रक्रियेला दार ठेवलेलं आहे. अटी चार, आणि चारही एकदम पूर्ण व्हायला हव्यात. शस्त्रक्रिया डॉक्टरांच्या सल्ल्याने हवी. ती वैद्यकीय कार्यपद्धतीला धरून हवी. वय १८ पूर्ण हवं. आणि बीएमआय, म्हणजे वजन-उंचीचा निर्देशांक, ४० किंवा जास्त हवा. तो ३५ किंवा जास्त पण ४० च्या आत असेल, तर सोबत चारपैकी एक तरी गंभीर व्याधी लागते: लठ्ठपणामुळे झालेला हृदयाच्या स्नायूचा विकार, हृदयाच्या धमन्यांचा आजार, तीव्र स्लीप अॅप्निया (झोपेत श्वास अडखळणं) किंवा आटोक्यात न येणारा टाइप २ मधुमेह. शिवाय अशा वेळी आधी आहार-व्यायाम-औषधं करूनही वजन उतरलं नाही, हे दाखवावं लागतं.

बरेच वाद उंचीवर होतात. बीएमआय म्हणजे किलोतलं वजन भागिले मीटरमधल्या उंचीचा वर्ग. १६० सेंटिमीटर उंचीला ३५ चा बीएमआय म्हणजे ८९.६ किलो आणि ४० चा म्हणजे १०२.४ किलो. आता ९० किलो वजनाचा माणूस घ्या. उंची १६० लिहिली तर बीएमआय ३५.१६. नर्सने चप्पल न काढता मोजून १६१ लिहिली तर ३४.७२, आणि क्लेम तिथेच संपला. म्हणून अनवाणी, भिंतीवरच्या मोजपट्टीला टाच-पाठ लावून उंची मोजायला सांगा आणि प्रत्येक कागदावर तोच आकडा आहे ना ते बघा. एका केसपेपरवर १५८, दुसऱ्यावर १६२ असं दिसलं की टीपीए (विमा कंपनीसाठी क्लेम तपासणारी संस्था) क्वेरी काढणारच.

डॉक्टरची रेषा आणि विम्याची रेषा एक नाही, हे बऱ्याच जणांना अॅडमिट झाल्यावर कळतं. आपल्याकडे कमी वजनातच साखर आणि चरबीचे त्रास सुरू होतात, म्हणून आशियाई लोकांसाठी शल्यचिकित्सक वर्षानुवर्षं ३७.५ आणि व्याधी असल्यास ३२.५ ही मर्यादा धरत आले. २०२२ च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांनी ती आणखी खाली आणली. तेव्हा ३३ बीएमआयच्या मधुमेहीला सर्जनने ‘करून घ्या’ म्हणणं वैद्यकीयदृष्ट्या रास्त आहे, आणि विमा कंपनीने नाही म्हणणं पॉलिसीच्या शब्दांना धरून आहे. इथे भांडून उपयोग नाही.

आणखी एक खड्डा. शस्त्रक्रियेआधी साधारण दोन आठवडे अगदी कमी उष्मांकाचा आहार देतात, यकृत आकसावं म्हणून. त्यात चार-पाच किलो सहज उतरतात. ३५.८ बीएमआयवर नाव नोंदवलेला पेशंट ३४ वर अॅडमिट होतो, आणि कॅशलेसच्या फॉर्मवर अॅडमिशनचं वजन पडतं. उपाय सोपा आहे: आहार सुरू करायच्या दिवशी वजन-उंचीची सही-शिक्क्याची नोंद घ्या, आणि सर्जनच्या पत्रात ‘शस्त्रक्रियापूर्व आहारापूर्वीचं वजन इतकं, आहार अमुक तारखेपासून’ हे वाक्य लिहून घ्या.

व्याधीचा पुरावाही तोंडी चालत नाही. ‘घोरतो’ म्हणजे स्लीप अॅप्निया नव्हे. झोपेच्या तपासणीत तासाला ३० किंवा अधिक वेळा श्वास अडखळल्याचं आलं तर तो तीव्र. मधुमेह आटोक्यात नाही म्हणताना एकच एचबीए१सी (तीन महिन्यांच्या सरासरी साखरेची तपासणी) पुरत नाही. गोळ्या किंवा इन्सुलिन चालू असूनही आकडा चढाच आहे हे दाखवणारे, काही महिन्यांच्या अंतराचे दोन-तीन रिपोर्ट हवेत. आहारतज्ज्ञाच्या चिठ्ठ्या तारखेसह जपा. जिमची पावती कुणी विचारात घेईलच असं नाही, पण फाइलमध्ये असू द्या.

प्रतीक्षा कालावधी विसरू नका. आधीपासूनच्या आजारांसाठी आणि ठरावीक शस्त्रक्रियांसाठी कंपनीला जास्तीत जास्त ३६ महिने थांबवता येतं, आणि बऱ्याच पॉलिसींत लठ्ठपणाची शस्त्रक्रिया या दुसऱ्या यादीत असते. प्रपोजल फॉर्मवर वजन खरंच लिहा. एजंट ‘८५ टाका, मेडिकल लागणार नाही’ म्हणाला आणि तुम्ही ९८ चे असाल, तर पुढचा नकार तुम्हीच लिहून दिलात. सलग ६० महिने झाल्यावर माहिती दडवल्याचं कारण फसवणूक सिद्ध केल्याशिवाय चालत नाही, पण सहाव्या कोडच्या अटी तेव्हाही लागतातच.

गटविम्यात, म्हणजे बँका, वीज कंपन्या किंवा निवृत्तांसाठीची राज्याची गट वैद्यकीय विमा छत्र योजना, अनेकदा प्रतीक्षा माफ असते. पण गटाच्या करारात लठ्ठपणाचा उपचार पूर्ण वगळलेलाही असू शकतो. आस्थापना शाखेकडून माहितीपत्रक न मागता मूळ पॉलिसीची प्रत मागा. युनियनच्या व्हॉट्सॲप ग्रुपवरचा तक्ता म्हणजे पॉलिसी नव्हे.

आता इंजेक्शनं, ज्यांची सध्या सगळीकडे चर्चा आहे. मौंजारो हे वजन-मधुमेहाचं इंजेक्शन भारतात मार्च २०२५ मध्ये आलं तेव्हा २.५ मिलिग्रॅमची कुपी ३,५०० रुपये आणि ५ ची ४,३७५ होती. आठवड्याला एक, म्हणजे महिन्याला १४,००० ते १७,५००. याच प्रकारच्या सेमाग्लुटाइड या औषधाचं भारतातलं पेटंट मार्च २०२६ मध्ये संपल्यामुळे त्यात स्वस्त पर्यायांना वाट मोकळी झाली. पण विमा? नेहमीची पॉलिसी भरती झाल्यावरचा खर्च देते, हे घरी घ्यायचं ओपीडीचं औषध आहे, आणि सहाव्या कोडची सूट फक्त शस्त्रक्रियेला आहे. वजनासाठी लिहिलेल्या इंजेक्शनला म्हणून जवळजवळ कुठेच पैसे मिळत नाहीत. मधुमेहासाठी लिहिलं असेल तर गोष्ट थोडी बदलते: बँक कर्मचाऱ्यांच्या गटविम्यात काही दीर्घ आजारांच्या घरगुती उपचारांची यादी असते, तिच्यात मधुमेह आहे. चिठ्ठीवर निदान स्पष्ट लिहिलेलं हवं, आणि ते खरं हवं.

खिशातून करणार असाल तर वर्षभराचा हिशेब मांडूनच पहिली सुई घ्या. सेमाग्लुटाइड थांबवलेल्यांनी वर्षभरात उतरलेल्यातलं सुमारे दोन तृतीयांश वजन परत मिळवल्याचं अभ्यासात दिसलं आहे. अमेरिकेतल्या नॉर्थ कॅरोलिना राज्याने आपल्या कर्मचाऱ्यांसाठी ही औषधं विम्यात घेतली होती आणि खर्च पेलेना म्हणून एप्रिल २०२४ पासून वजनासाठीचा लाभ बंद केला. तेव्हा आपल्याकडे हे लवकर मिळेल, असं मला तरी वाटत नाही.

शस्त्रक्रिया मंजूर झाली तरी बिलात कापाकापी होते. खोलीभाड्याची मर्यादा ५,००० असताना ८,००० ची खोली घेतली, तर सर्जनची फी, ऑपरेशन थिएटरचे दर असे खोलीशी जोडलेले खर्च पाच-अष्टमांशच मिळतात. औषधं, तपासण्या आणि उपकरणांना ही कपात लावता येत नाही. जठर शिवायच्या स्टेपलरच्या काडतुसांचे स्टिकर बिलाला चिकटवून घ्या, नाहीतर मोठी रक्कम ‘तपशील नाही’ म्हणून उडते. नंतरची लोंबती त्वचा काढणं आणि लायपोसक्शन कॉस्मेटिक धरलं जातं.

नकार आला तर तो लेखी, पॉलिसीच्या कलमासह मागा. कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे अर्ज करा. महिन्याभरात उत्तर नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपाल. फी नाही, वकील लागत नाही, ५० लाखांपर्यंतचे दावे चालतात, आणि मुदत कंपनीच्या अंतिम नकारापासून एक वर्ष. अर्जासोबत पहिल्या वजन-उंचीच्या नोंदीची प्रत लावा, आणि मूळ कागद आपल्याकडेच ठेवा.