गाणी नसलेल्या सिनेमाचं संगीत

युरोपियन सिनेमाचा विषय निघाला की कुणीतरी हमखास विचारतं, "ज्या सिनेमात एक गाणं नाही, त्याचं संगीत घरी बसून नुसतं काय ऐकता?" तुम्हीही विचारलंत म्हणून सांगते.

मी ऐकते ते मुख्यतः ग्रीसच्या संगीतकार एलेनी काराइंद्रूचं. १९४१ साली एका डोंगराळ खेड्यात जन्मलेली ही बाई अथेन्समध्ये पियानो शिकली, जोडीला इतिहास आणि पुरातत्त्वही. लष्करशाहीच्या काळात पॅरिसला गेली, तिथे लोकसंगीताचा अभ्यास केला आणि १९७४ मध्ये परतली. १९८२ मध्ये थेस्सलोनिकीच्या महोत्सवात तिला संगीताचं पारितोषिक मिळालं, तेव्हा परीक्षकांचे अध्यक्ष होते ग्रीक दिग्दर्शक थिओ अँजेलोपौलोस. 'व्हॉयेज टू सिथेरा'पासून 'द डस्ट ऑफ टाइम'पर्यंत त्यांच्या सगळ्या मोठ्या चित्रपटांना मग तिचंच संगीत.

अँजेलोपौलोसचा एकेक शॉट मिनिटन् मिनिटं चालतो आणि माणसं फारशी बोलत नाहीत. अशी मोकळी जागा मिळाली की पुष्कळ संगीतकार प्रेक्षकाला भावना समजावून द्यायला लागतात. एलेनी तसं करत नाही. 'युलिसिस गेझ'मध्ये लेनिनचा तुकडे केलेला अवाढव्य पुतळा मालवाहू नावेतून डॅन्यूबवरून चाललेला असतो, काठावरची माणसं गुडघे टेकून छातीवर क्रूसाची खूण करतात, आणि किम कश्कशियनचा व्हायोला (व्हायोलिनचाच थोडा मोठा, खालच्या सुरातला भाऊ) वाजत राहतो. ही अंत्ययात्रा की सुटका? सूर कुठल्याच बाजूने बोलत नाहीत, म्हणून तर मला तिथे दोन्ही एकदम जाणवतं.

तिच्याकडे चाली मोजक्याच असतात. ओबोवर, म्हणजे सनईसारख्या फुंकवाद्यावर, ऐकलेली चाल पुढे ॲकॉर्डियनवर येते, मग तंतुवाद्यांच्या ताफ्यावर. ख्यालात मुखडा दर वेळी निराळ्या वाटेने समेवर येतो, ते ज्यांना आवडतं त्यांना हे परकं वाटू नये. चित्र काढून घेतलं तरी ही चाल उभी राहते, ती याच कारणाने. म्युनिकच्या ईसीएम या रेकॉर्ड कंपनीने १९९१ पासून तिचे अल्बम काढले, ते सिनेमाची आठवण म्हणून नव्हे, स्वतंत्र रचना म्हणून ऐकण्यासारखे आहेत. नाटकासाठीही तिने खूप काम केलंय; 'ट्रोजन विमेन'चं संगीत जरूर ऐका.

२०१२ मध्ये नव्या चित्रपटाचं काम चालू असताना अँजेलोपौलोस अपघातात गेले. जवळजवळ तीस वर्षांची ती सोबत संपली, तिचं संगीत लिहिणं मात्र थांबलं नाही.

सुरुवात करायची तर अँजेलोपौलोसच्याच 'इटर्निटी अँड अ डे'च्या संगीतापासून करा. आधी सिनेमा बघायलाच हवा असं काही नाही.