आधी नळ, मग हात

अतिस्वच्छतेवरची एक शॉर्ट फिल्म बघितली, तेव्हापासून डोक्यातून जातच नाहीये. नवरा-बायको, दोन खोल्यांचं घर. एका सीनमध्ये तिचे हात साबणाने धुऊन झालेत, आता नळ बंद करायचा, पण नळाला मघाशी घाणेरडा हात लागलाय ना, म्हणून आधी नळ धुवायचा, मग परत हात, आणि तेवढ्यात सिंकमधलं पाणी उडून कोपराला लागलं की सगळं पहिल्यापासून. कॅमेरा हलतच नाही, बोटांच्या पेरांवरची फाटलेली कातडी दिसत राहते.

बाहेरचं काहीच तिच्या हातात नाहीये, नवऱ्याची नोकरी डळमळीत, आई आजारी, मग निदान ओटा तरी माझ्या मनासारखा हवा, हे अगदी कळतं. पण ज्याला आवराआवरीची आवड असते त्याला घर आवरलं की बरं वाटतं, ओसीडीत, म्हणजे भीतीपोटी तीच ती कृती परत परत करायला लावणाऱ्या मानसिक आजारात, तसं होत नाही, भीती जराशी उतरते आणि पुन्हा चढते.

मला सगळ्यात खरा वाटला तो नवरा. इतका प्रेमळ आहे, दारातच कपडे बदलतो, दुधाच्या पिशव्या धुऊन देतो, "नाही गं लागला हात" असं दहादा सांगतो. माझे काका मावशीसाठी हेच करायचे, पलंगावर बसायचं नाही, किल्ल्या ओट्यावर ठेवायच्या नाहीत, वाद नको म्हणून सगळं मान्य, आणि नियम वाढतच गेले. शेवटी डॉक्टरांनी काकांनाच समोर बसवून सांगितलं की तुम्ही जितकं सांभाळून घ्याल तितका हा आजार घट्ट होत जाणार.

फिल्मवर माझा राग एवढाच की शेवटी तिला बाथरूममध्ये एकटी सोडून दिलीये, जणू यावर काही इलाजच नाही. अहो आहे इलाज! व्हिक्टर मेयर नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९६६ मध्येच लंडनहून त्याबद्दल लिहिलंय. जिची किळस वाटते त्या वस्तूला थेरपिस्टच्या मदतीने हात लावायचा आणि धुवायचं नाही, भीती आपोआप ओसरेपर्यंत थांबायचं, सोप्यापासून सुरुवात करून एकेक पायरी वर. गरज पडली तर जोडीला गोळ्या. मावशीची सुरुवात दाराच्या कडीपासून झाली होती, रडली, चिडली, पण जमलं तिला.

घरात असं कोणी असेल तर टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ नंबर आहे, फुकट आहे, मराठीतही बोलता येतं. तिने नाही केला फोन तर तुम्ही करा.