पांढरी चारमधली आरती

गणपतीचे दिवस जवळ आले की डोंबिवलीतल्या आमच्या सोसायटीच्या नोटीस बोर्डावर एक कागद लागतो : 'श्रींसमोर होणारे कार्यक्रम'. प्रतिष्ठापना, चित्रकला स्पर्धा, पाककृती, संगीत खुर्ची, अथर्वशीर्षाची आवर्तनं, सत्यनारायण, शेवटच्या रात्री मुलांचे कार्यक्रम आणि बक्षीस समारंभ. वर्षानुवर्षं हा कागद जवळजवळ तोच राहिला आहे. पूर्वी तो सुवाच्य अक्षर असलेल्या एखाद्या काकांकडून लिहून घ्यायचो, आता छापून आणतो. अलीकडे मात्र त्यात एक ओळ वाढली आहे : 'रोज सायंकाळी ५ वाजता शांत आरती, पेटीच्या साथीनं.' ही ओळ ज्याच्यामुळे आली त्याच्याविषयी लिहायचं कधीचं मनात होतं. लिहिण्याआधी त्याला विचारलं. त्यानं टॅबवर टाईप करून दाखवलं, "नाव नको. पेटीदादा लिहा." सोसायटीतली सगळी लहान मुलं त्याला याच नावानं हाक मारतात.

तो आमच्याकडे राहायला आला तेव्हा जेमतेम चार वर्षांचा असेल. बोलायचा फार थोडं. ऑटिझम, म्हणजे स्वमग्नता आहे हे डॉक्टरांनी सांगून झालं होतं. घराजवळच्या एका शाळेनं 'इतर मुलांना त्रास होईल' म्हणून प्रवेश नाकारला होता, आणि त्याची आई रोज लांबच्या शाळेत रिक्षानं ने-आण करत होती. माणसांच्या नावांपेक्षा त्याला घरांचे नंबर लवकर पाठ झाले. मला तो आजही 'बी तीनशे चार काकू' म्हणतो, आणि मला ते फार आवडतं.

त्याचा पहिला गणपती मला चांगला आठवतो. संध्याकाळची आरती, दहा-बारा झांजा, कुणी ताट-चमचा घेतलेला, माईक सुरू करताना स्पीकरनं मारलेली कर्कश शिट्टी. हे पोर दोन्ही कानांवर हात दाबून किंचाळत गच्चीच्या जिन्याकडे पळालं. आई मागोमाग. खाली लोकांची कुजबुज सुरू झाली. कुणी म्हणालं लाडावलाय, कुणी दृष्ट काढायला सांगितली. त्यानंतर काही वर्षं ती माणसं मंडपात उतरलीच नाहीत. आरती सुरू झाली की तिसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीचं दार थोडं उघडायचं, आणि आतून कुणीतरी आमच्याबरोबर गुणगुणतंय असं वाटायचं.

आपण गर्दीत उभे असतो तेव्हा झांज, पंखा, शेजारच्यांचं बोलणं, फटाका यांतलं नको ते मागे सारण्याचं काम डोकं आपल्या नकळत करत असतं. ऑटिझम असलेल्या पुष्कळ मुलांना हे सहज जमत नाही. सगळे आवाज एकाच वेळी, सारख्याच जोरानं अंगावर येतात. ते पळून जाणं हट्टाचं नव्हतं, दुखण्याचं होतं. हे आम्हाला त्याच्या आईनं एका हळदीकुंकवाला शांतपणे समजावून सांगितलं, आणि सांगून झाल्यावर प्रत्येकीला तिळगूळ दिला.

पेटीची गोष्ट भजनी मंडळातल्या आजोबांपासून सुरू होते. त्यांची जुनी पेटी सोसायटीच्या ऑफिसात असायची आणि दुपारी ते एकटेच वाजवत बसायचे. हा मुलगा दाराशी येऊन उभा राहू लागला. मग उंबऱ्याच्या आत. मग पेटीच्या शेजारी. आजोबांनी त्याला काही शिकवायचा घाट घातला नाही. फक्त एकदा बोट ठेवून पट्ट्यांची नावं सांगितली : पांढरी एक, काळी एक, पांढरी दोन. दुसऱ्या दिवशी ऑफिसशेजारच्या घरात कुकरची शिट्टी झाली आणि तो म्हणाला, "पांढरी चार." आजोबांनी पेटीवर पट्टी दाबून पाहिली. बरोबर तीच.

त्यानंतर सगळ्या सोसायटीला स्वर लागले. लिफ्टची घंटी काळी दोन. पाववाल्याचा भोंगा पांढरी सात, तोही जरा उतरलेला. फाटकाशी उभं राहिलं की लांबून येणाऱ्या लोकलच्या भोंग्याची पट्टी सांगायचा. कुठल्याही आधाराशिवाय स्वर ओळखण्याची ही शक्ती साधारण दहा हजारांत एखाद्यालाच असते असा अंदाज सांगतात; ऑटिझम असलेल्यांमध्ये ती त्या मानानं जास्त आढळते. बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्समधल्या डॉ. लिओ कॅनर यांनी १९४३ साली ज्या ११ मुलांविषयी लिहिलं आणि ऑटिझम वैद्यकाच्या नकाशावर आणला, त्यांतला पहिलाच मुलगा एक वर्षाचा असताना कितीतरी चाली अचूक गुणगुणायचा अशी नोंद त्या लेखात आहे. हे वाचलं तेव्हा मला तिसऱ्या मजल्यावरची ती गॅलरी आठवली.

मंडपात त्याची पेटी पहिल्यांदा वाजली त्या वर्षाची तयारी महिनाभर चालली होती, आणि खरं सांगायचं तर त्या मुलापेक्षा तयारी आमचीच जास्त होती. आईनं चित्रांची कार्डं केली : जिना उतरायचा, पेटीजवळ बसायचं, आरत्या, प्रसाद, घर. मंडप घातल्यावर रोज सकाळी, कुणी नसताना, तो येऊन त्या जागेवर बसून जायचा. त्याच्या बाजूचा स्पीकर आम्ही काढला. झांजवाले मागच्या रांगेत गेले. त्याच्या कानांवर हेडफोनसारखी जाड, आवाज कमी करणारी कानपट्टी होती. सगळ्यात अवघड गेलं ते निवेदकाला. 'जोरदार टाळ्या होऊन जाऊ द्या' हे वाक्य त्याच्या जिभेवर इतकं बसलं होतं की आम्ही त्याला ते कागदावर लिहून, खोडून दाखवलं. टाळ्यांऐवजी हात वर करून हलवायचे असं ठरलं. आरती संपली आणि दीडशे माणसांनी हात वर केले. बायकांच्या बांगड्या किणकिणल्या. तो आवाज त्याला चालतो, हे तेव्हा कळलं. तो मान वर करून सगळ्यांकडे बघत राहिला.

आमच्या आरतीचं गाणं म्हणून भलं झालं ते तेव्हापासून. मंडळात आरती कशी होते ते सगळ्यांना ठाऊक आहे. उत्साही कुणीतरी वरच्या पट्टीत सुरू करतो, दुसऱ्या कडव्यापर्यंत अर्धे लोक गळा सोडून देतात, आणि प्रत्येक आरतीगणिक स्वर आणखी चढत जातो. त्यानं पांढरी चार धरली. बायकांना जरा खाली, पुरुषांना जरा वर, पण सगळ्यांना झेपेल अशी. ती तो सोडत नाही. आपण भरकटलो तरी पेटी तिथेच असते, आणि दोन ओळींत सगळे परत येतात. शेवटी लोटांगणाची लय वाढत जाते तेव्हा त्याची बोटं बघावीत. लय वाढते, स्वर हलत नाही.

क्रम मात्र बदलायचा नाही. एका वर्षी मोठे पाहुणे आले होते, त्यांना पुढच्या मंडळात जायची घाई, म्हणून सेक्रेटरींनी मधली देवीची आरती गाळून पुढची सुरू केली. पेटी थांबली. त्यानं भाता मिटला आणि दोन्ही हात मांडीवर ठेवून बसला. सगळा मंडप गप्प. मग कुणाला काही सांगावं लागलं नाही, पहिल्या रांगेतल्या एका आजींनी गाळलेली आरती उचलली, पेटीनं दुसऱ्याच शब्दाला साथ धरली. पाहुणेही शेवटपर्यंत थांबले. माझ्या मते त्या संध्याकाळी देवीचा मान राहिला तो त्याच्यामुळे.

त्याचं कौतुक खूप झालं. शाळेच्या गॅदरिंगमध्ये त्यानं नाट्यगीतांची धून वाजवली, दुसऱ्या सोसायट्यांतून बोलावणी येऊ लागली, लोक त्याच्या आईला 'देवाची देणगी आहे हो' म्हणू लागले. ती हसून ऐकून घ्यायची. पण एकदा माझ्याजवळ बसून म्हणाली, "वहिनी, पेटी वाजवत नसता तरी तो माझाच मुलगा होता ना?" मी तिचा हात धरला. त्याला उत्तर देण्यासारखं माझ्याकडे काही नव्हतं.

उत्तर त्यानंच दिलं, काही वर्षांनी. तोवर त्याला टॅबवर टाईप करता येऊ लागलं होतं आणि टॅब ते मोठ्यानं वाचून दाखवायचा. २ एप्रिलला जागतिक ऑटिझम जागरूकता दिवस असतो. संयुक्त राष्ट्रांनी २००७ मध्ये तसा ठराव केला आणि २००८ पासून तो पाळला जातो. त्या दिवशी बागेत, वाचनालयात जाऊन तो आपलं टिपण ऐकवू लागला होता. त्या वर्षीच्या गणपतीत बक्षीस समारंभाला त्यानं पाच मिनिटं मागितली. पेटीवर एक धून वाजवली, मग टॅब माईकपुढे धरला. त्यातली काही वाक्यं मी तेव्हाच उतरवून घेतली होती : "मला पेटी येते म्हणून तुम्ही मला मंडपात बसवता. माझ्या शाळेतल्या मित्राला पेटी येत नाही. त्याला गाणं येत नाही. त्यालाही गणपती बघायचा आहे. तो आवाजामुळे येत नाही. त्याच्यासाठी स्पीकर कोण बंद करणार?"

टाळ्या नव्हत्याच. हातही वर व्हायला वेळ लागला.

शांत आरती त्या प्रश्नातून आली. पाच वाजता, मोठ्या आरतीच्या आधी. स्पीकर बंद, झांजा नाहीत, लुकलुकणारी रोषणाई बंद, पेटी आणि एक टाळ. कुणी मध्येच उठून फेऱ्या मारल्या, हात फडफडवले, तोंडानं आवाज केला तरी कुणी वळून बघायचं नाही. निवासी भागात दिवसा ५५ डेसिबलची मर्यादा सन २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांत आहे. ती त्याला तोंडपाठ आहे, आणि मोबाईलवर आवाज मोजून तो रोजचा आकडा पाटीवर लिहितो. पहिल्या वर्षी त्याचा तो मित्र आला, आईबाबांच्या मध्ये बसला, आणि प्रसादाचा मोदक घेऊन गेला. पुढच्या वर्षी कल्याणहून, ठाकुर्लीहून अशी कुटुंबं आली. त्याबरोबरच आमच्याच इमारतीतल्या तान्ह्या बाळांच्या आया आल्या, हृदयाचं दुखणं असलेले एक काका आले, ज्यांनी कित्येक वर्षं फक्त टीव्हीवरचा गणपती पाहिला होता.

आरतीनंतर आयाबापांचा घोळका मागे रेंगाळतो आणि बोलणं हटकून अपंगत्वाच्या दाखल्यांवर येतं. अपंगांसाठीच्या १९९५ च्या कायद्यात सात प्रकार होते, त्यांत ऑटिझम नव्हता. २०१६ च्या कायद्यानं २१ प्रकार केले, त्यांत तो आला. पण कायद्यात येणं आणि हातात प्रमाणपत्र पडणं यात किती खेटे असतात, हे त्या आयाच जाणतात. आमची पेटीदादाची आई तिथे सतरंजीवर बसून नव्या आयांना कागदपत्रांची यादी लिहून देते. मला विचाराल तर मंडळाचं आजवरचं सगळ्यात चांगलं काम त्या सतरंजीवर चालतं.

हा यंदा कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला आहे. सोसायटीतली चार मुलं त्याच्याकडे पेटी शिकतात. तो त्यांना रागावत नाही, चुकलेला सूर फक्त पुन्हा पुन्हा वाजवून दाखवतो. यंदाच्या बैठकीआधी त्याचं पत्र आलं, मुद्देसूद, टाईप केलेलं : विसर्जनाची मिरवणूक आपल्या फाटकापासून चौकापर्यंत तरी ढोलाशिवाय, टाळ आणि लेझमीवर न्यावी, म्हणजे त्याच्या मित्रांना चार पावलं बाप्पाबरोबर चालता येईल. चर्चा बरीच झाली. ढोल पथकातल्या मुलांनीच शेवटी मान्य केलं, चौकात थांबतो म्हणाले. भाड्याच्या स्पीकरचा एक जोड कमी झाला आहे, त्याच्या वाचलेल्या पैशांतून आजोबांच्या पेटीचा भाता बदलायचा, हेही त्याच बैठकीत मंजूर झालं.